बेगम बाजारची पत आणि कंटिन्जंटची फौज

हैदराबाद शहरात मुसी नदीच्या उत्तर तीरावर बेगम बाजार नावाची जुनी पेठ आहे. आसफजाही घराण्यातील दुसरे निजाम, निजाम अलीखान, यांच्या हमदा बेगम यांनी ही जागा व्यापाऱ्यांना दिली, म्हणून पेठेस हे नाव पडले. आज तेथे जाणाऱ्यास तांब्यापितळेच्या भांड्यांच्या उतरंडी, मसाल्याची पोती, सुक्या मेव्याचे ढीग आणि त्यांतून वाट काढणारे हमाल दिसतात. लष्कराचा तेथे मागमूसही नाही. तरीही एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात दख्खनमधील एका मोठ्या फौजेचा पगार जेव्हा जेव्हा थकला, तेव्हा तेव्हा निजामाच्या दिवाणाची माणसे शहरातील ज्या सावकारांचे दार ठोठावीत, त्यांपैकी कित्येकांच्या पेढ्या याच पेठेत होत्या. मारवाडी, गुजराती आणि गोसावी सावकारांच्या हुंड्यांवर पलटणी पोसल्या जात होत्या.

श्रोतेहो, फौजांचा इतिहास आपण बहुधा लढायांच्या वर्णनांतून वाचतो. कोणी कोठे हल्ला केला, किती तोफा हाती लागल्या, हे आपल्याला तोंडपाठ असते. परंतु लढाई एका दिवसाची आणि पगार बारा महिन्यांचा. इंग्रजी साम्राज्याच्या पायदळाचा व घोडदळाचा हिंदुस्थानात विस्तार कसा झाला हे समजून घ्यावयाचे असेल, तर रणांगणाइतकेच जमाखर्चाच्या वहीतही डोकावले पाहिजे. हैदराबाद कंटिन्जंट नावाच्या फौजेची वही या दृष्टीने फार बोलकी आहे. कारण तिच्यातील बाकी शेवटी वऱ्हाडची भूमी देऊन फेडावी लागली.

मुसा रेमूचे कवायती पायदळ

कवायती फौजेचा नाद निजामास प्रथम फ्रेंचांनी लावला. अठराव्या शतकाच्या मध्यास बुसी हैदराबादेत होता. पुढे रेमाँ नावाच्या फ्रेंच सरदाराने निजाम अलीसाठी मोठे कवायती पायदळ उभारले. लोक त्याला मुसा रेमू, मुसा राम अशा नावांनी ओळखीत. शहरातील मुसारामबाग या वस्तीच्या नावात तोच राहिला आहे, असे सांगतात. ११ मार्च १७९५ रोजी खर्ड्याच्या मैदानात मराठ्यांविरुद्ध निजामाच्या बाजूने उभे राहिले ते हेच पायदळ. निजामाचा त्या दिवशी पराभव झाला, परंतु रेमाँच्या पलटणींचा दरारा कमी झाला नाही.

मार्च १७९८ मध्ये रेमाँ मरण पावला. त्याच वर्षी १ सप्टेंबरला इंग्रजांनी निजामाशी करार केला आणि २२ ऑक्टोबरला ही फ्रेंच फौज निःशस्त्र केली. त्या वेळी तिच्यात सुमारे १४,००० माणसे होती. एवढी फौज रक्त न सांडता कशी मोडली? तिला कंपनीच्या सैन्याने वेढले होते हे खरे. परंतु पगार थकल्यामुळे शिपायांनी आपल्याच फ्रेंच अधिकाऱ्यांना अडकवून ठेवले होते, हेही तितकेच खरे. निष्ठा रिकाम्या पोटी किती दिवस टिकते, हे इंग्रजांनी तेथे डोळ्यांनी पाहिले. हा धडा ते विसरले नाहीत.

दोन फौजा, दोन हिशेब

येथे दोन फौजांतील भेद ध्यानी घेणे अवश्य आहे. पहिली तैनाती फौज. ती कंपनीची स्वतःची; तिचा तळ सिकंदराबादेस पडला. तिच्या खर्चापोटी निजामाने आरंभी रोख रक्कम द्यावयाची होती. १८०० सालच्या तहाने रोखीच्या जागी मुलूख आला. म्हैसूरच्या दोन युद्धांत निजामाच्या वाट्यास आलेले बेल्लारी, कडप्पा वगैरे प्रांत त्याने कंपनीस दिले आणि त्या फौजेचा हिशेब मिटला.

दुसरी फौज म्हणजे कंटिन्जंट. १८०० च्या तहातील बाराव्या कलमान्वये युद्धप्रसंगी निजामाने आपल्या पदरचे ६,००० पायदळ व ९,००० घोडदळ कंपनीच्या मदतीस पाठवावयाचे होते. कलमात युद्धप्रसंग म्हटला होता; शांततेच्या काळी कायमची फौज बाळगण्याची अट त्यात नव्हती. परंतु १८०३ च्या युद्धानंतर निजामाच्या लोकांस शिस्त नाही, अशी तक्रार रेसिडेंटांनी लावून धरली. १८१३ मध्ये रेसिडेंट हेन्री रसेल याने इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली दोन पलटणी तयार केल्या. तीच रसेल ब्रिगेड. १८१६ च्या सुमारास वऱ्हाडाकडील घोडदळाचीही नव्याने मांडणी झाली. २१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूर येथे होळकरांविरुद्ध ही ब्रिगेड लढली. जानेवारी १८१९ मध्ये नांदेडकडील नोव्हा येथील हटकर नाईकांची गढी याच फौजेने घेतली.

युद्ध संपले, तरी फौज राहिली. शिपाई निजामाचे, अधिकारी कंपनीकडून आलेले, हुकूम रेसिडेंटचा आणि पगार निजामाच्या खजिन्यातून, अशी तिची चमत्कारिक रचना होती. औरंगाबाद, हिंगोली, मोमिनाबाद म्हणजे आजचे अंबाजोगाई, एलिचपूर म्हणजे आजचे अचलपूर, अशा मराठी मुलखातील गावी तिच्या छावण्या पसरल्या. हैदराबादेजवळ बोलारम येथे तिचे मुख्य ठाणे होते.

पायदळ आणि घोडदळ

या फौजेची दोन अंगे निरनिराळ्या तत्त्वांवर चालत. पायदळ विलायती साच्याचे होते. शिपायास बंदूक सरकारी, पोशाख ठरलेला, कवायतीचे शब्द इंग्रजी. नाईक, हवालदार, जमादार आणि सुभेदार अशी चढती पायरी. सुभेदाराच्या वर सगळे गोरे अधिकारी. शिपायाचा पगार थोडा. कंपनीच्या बंगाल पलटणींत तो महिना ७ रुपये होता. परंतु थोडा असला तरी तो महिन्याच्या महिन्यास हाती पडे, आणि हीच त्या नोकरीची खरी मोहिनी होती. देशी संस्थानांच्या फौजांत पगार सहा सहा महिने चढलेला असे.

घोडदळाची पद्धत मात्र आपल्या ओळखीची होती. शिवकाळापासून आपण बारगीर व शिलेदार हे दोन शब्द जाणतो. बारगिराचा घोडा दुसऱ्याचा, शिलेदाराचा घोडा व हत्यार स्वतःचे. कंटिन्जंटचे घोडदळ शिलेदारी होते. स्वार आपला घोडा, खोगीर व हत्यारे घेऊन येई. दाणावैरणही त्यानेच पाहावयाची. म्हणून त्याचा पगार पायदळाच्या शिपायाहून पुष्कळ अधिक असे. रिसाल्यातील घोड्यासह जागेला ‘असामी’ म्हणत, आणि असामीची चक्क खरेदी-विक्री होत असे. ऐपतदार माणसाजवळ अनेक असाम्या असत व त्यांवर तो बारगीर नेमी. दफेदार, जमादार, रिसालदार हे तेथील मानकरी. गोरे अधिकारी घोडदळात अगदी मोजके.

सरकारच्या दृष्टीने ही पद्धत स्वस्त पडे, कारण घोडा मेला तर नुकसान स्वाराचे. परंतु मेलेल्या घोड्याच्या जागी नवा घ्यावयाचा, तर स्वाराजवळ पैसा कोठला? तो रिसाल्याबरोबर असणाऱ्या सावकाराकडे जाई. पगार झाला की पहिला हप्ता सावकाराचा. म्हणजे निजाम राजधानीत कर्ज काढून पगार देई आणि स्वार छावणीत कर्ज काढून घोडा घेई. वरून खालपर्यंत ही फौज उधारीच्या जिनावर बसलेली होती.

अशा स्वारास आपल्या इभ्रतीची जाणीव तीव्र असे. १८२७ मध्ये मोमिनाबादेस दाढी काढण्याच्या हुकुमावरून घोडदळात दंगा झाला आणि त्यात एव्हान डेव्हिस हा त्यांचा अधिकारी मारला गेला. स्वतःचा घोडा घेऊन आलेला माणूस स्वतःस भाडोत्री समजत नसे; तो स्वतःस मानकरी समजे.

पामरची पेढी

आता वहीकडे वळू. १८०६ पासून राज्याचा कारभार राजा चंदूलाल यांच्या हाती होता. सारावसुलीचे तालुके इजाऱ्याने दिले जात. इजारदार रयतेस पिळी, दिवाण इजारदारास पिळी, आणि तरीही पगाराच्या तारखेस खजिना रिकामाच राही. मग येणाऱ्या वसुलीवर आगाऊ रक्कम उचलावयाची. सावकार रोख देई आणि बदल्यात एखाद्या तालुक्याचा वसूल लिहून घेई. पुढच्या वर्षी तो तालुका हिशेबात नसे, म्हणून कर्ज आणखी वाढे.

या धंद्यात विल्यम पामर उतरला. जनरल पामर व त्यांच्या मुसलमान पत्नी फैज बख्श यांचा हा मुलगा पूर्वी निजामाच्या फौजेत होता. त्याच्या पेढीत बनकटीदास हा गुजराती सावकार भागीदार होता. पुढे सर विल्यम रम्बोल्डही आला. रम्बोल्डची पत्नी गव्हर्नर जनरल हेस्टिंग्ज यांच्या घरची पाल्या. १७९७ च्या विलायती कायद्याने इंग्रज प्रजाजनांस देशी राजांना परवानगीवाचून कर्ज देण्याची मनाई होती. पामरच्या पेढीस १८१६ मध्ये तशी परवानगी मिळाली. मग पेढीने औरंगाबादेकडील फौजेच्या पगारासाठी दरमहा सुमारे २ लाख रुपये पुरविण्याचा करार केला. १८२० मध्ये ६० लाखांच्या नव्या कर्जाची मांडणी झाली.

त्याच वर्षी आलेला रेसिडेंट चार्ल्स मेटकाफ याने हिशेब तपासले, तेव्हा ६० लाखांतील मोठा भाग जुन्याच बाकीची नवी नोंद असून त्यात भागीदारांचे बक्षीसही मिसळलेले आहे, असे त्यास आढळले. प्रकरण विलायतेपर्यंत गाजले. शेवटी पामरची बाकी भागविण्यासाठी एक युक्ती निघाली. उत्तर सरकार प्रांताबद्दल कंपनी निजामास दरसाल ७ लाख रुपये पेशकश देत असे. तिचे एकरकमी मोल १ कोटी १६ लाख ६६ हजार ६६६ रुपये ठरले आणि त्यातून पेढीचे देणे वारले. पेढी थोड्याच वर्षांत बुडाली. निजामाचे दरसाल ७ लाखांचे उत्पन्न मात्र कायमचे गेले. फौज जिथल्या तिथे राहिली आणि तिचा खर्चही.

त्यानंतर ओझे पुन्हा देशी पेढ्यांवर आले. पेस्तनजी व विकाजी मेहेरजी या पारशी बंधूंच्या पेढीने कर्जापोटी वऱ्हाडातील वसूल लिहून घेतला. १८४० नंतरच्या वर्षांत सरकारने तो त्यांच्याकडून काढून घेतला आणि तीही पेढी बसली. एका पेढीचे बुडणे म्हणजे इतर सगळ्या सावकारांस इशारा असतो. बेगम बाजारची पत दगडी नव्हती. वसूल लिहून देणारा उद्या शब्द फिरवितो असे दिसताच थैल्यांची तोंडे आवळली गेली. तेव्हा कंटिन्जंटचा पगार कंपनीने आपल्या खजिन्यातून देण्यास आरंभ केला आणि तो व्याजासह निजामाच्या नावे मांडला. सावकार बदलला. पूर्वीच्या सावकाराजवळ हुंडी होती. या सावकाराजवळ पलटणी होत्या, आणि त्या पलटणी ऋणकोच्याच पैशाने पोसलेल्या होत्या.

२१ मे १८५३

१८५३ साली कंपनीची बाकी ४० लाखांहून अधिक झाली होती. गव्हर्नर जनरल डलहौसी याने कर्नल लो यास रेसिडेंट म्हणून पाठविले. कंटिन्जंट शांततेतही बाळगण्यास १८०० च्या तहाने निजाम बांधलेला नाही, हे डलहौसीने आपल्या टिपणीत स्वतः मान्य केले होते. तरी मागणी सुटली नाही: फौजेच्या खर्चासाठी मुलूख लावून द्या.

निजाम नासिरुद्दौला आणि लो यांच्या भेटीचा वृत्तांत लो यानेच लिहून ठेवला आहे. राजाला दोन गोष्टी कमीपणा आणणाऱ्या असतात, असे निजामाचे म्हणणे होते. पहिली, वडिलार्जित मुलूख कारणावाचून देणे. दुसरी, इमानाने लढलेल्या शिपायांस काढून टाकणे. पेच नेमका येथे होता. फौज मोडली तर दुसरी नामुष्की, ठेवली तर पहिली. चौदा मे रोजी रेसिडेंटच्या सहायकाने दिवाण सिराजुल्मुल्क यांस पत्र पाठवून, तह न झाल्यास कंपनीच्या पलटणी हलतील असे सूचित केले. आठवड्याच्या आत, २१ मे १८५३ रोजी, तहावर शिक्का झाला. त्यानंतर पाच दिवसांनी सिराजुल्मुल्क वारले आणि त्यांचे तरुण पुतणे सालारजंग दिवाण झाले.

या तहाने कंटिन्जंटमध्ये किमान ५,००० पायदळ, २,००० घोडदळ व चार तोफखाने राहतील असे ठरले, आणि त्यांच्या खर्चासाठी वऱ्हाड, धाराशिव व रायचूर दुआब हे सुमारे ५० लाख उत्पन्नाचे मुलूख इंग्रजी कारभाराखाली गेले. सालारजंगांनी पुढे एक उलटा हिशेब मांडला. सिकंदराबाद व जालना येथील छावण्यांतील अबकारीचे उत्पन्न १८१२ पासून १८५३ पर्यंत इंग्रजांनी घेतले. वर्षाला सुमारे एक लाख धरले, तर ४१ लाख निजामाचेच येणे निघत होते. म्हणजे ज्या बाकीसाठी वऱ्हाड गेले, ती बाकी दोन्ही बाजूंच्या वह्या समोरासमोर उघडल्या असत्या तर जवळजवळ उरलीच नसती.

सत्तावनचे साल

चार वर्षांनी या फौजेची कसोटी लागली. जून १८५७ मध्ये औरंगाबादेस कंटिन्जंटच्या पहिल्या घोडदळाने उत्तरेकडे जाण्याविरुद्ध आवाज उठविला. पुण्याहून आलेल्या सैन्याने तो दडपला. कित्येकांना प्राण गमवावे लागले. बुलढाण्याकडील तुकडीतून निघालेला जमादार चिदा खान आपल्या सोबत्यांसह हैदराबादेस आला, तेव्हा सालारजंगांनी त्यास पकडून रेसिडेंटच्या स्वाधीन केले. त्याच्या सुटकेसाठी १७ जुलै १८५७ रोजी जमाव रेसिडेन्सीवर चालून गेला. त्याचे पुढारी होते मौलवी अल्लाउद्दीन आणि तुर्रेबाज खान. हा तुर्रेबाज खान बेगम बाजारचा. हल्लेखोरांनी रेसिडेन्सीसमोर, पुतळी बावडीजवळ, दोन सावकारांच्या घरांत ठाण मांडून रात्रभर गोळीबार केला. फौजेला कर्ज देणारे सावकार, फौजेतून फुटलेला जमादार आणि त्याच्यासाठी उठलेला बेगम बाजारचा माणूस यांची एका रात्रीपुरती अशी गाठ पडली. तुर्रेबाज खान पकडला गेला, १८ जानेवारी १८५९ रोजी कैदेतून निसटला आणि सहा दिवसांनी तुपरानजवळ मारला गेला.

फौजेचा मोठा भाग मात्र इंग्रजांच्या बाजूस राहिला. सर ह्यू रोझच्या सैन्यातून तो झाशी, काल्पी व ग्वाल्हेरपर्यंत गेला. वऱ्हाडच्या कापूसपिकावर पोसलेले हे स्वार १८५८ मध्ये राणी लक्ष्मीबाई आणि तात्या टोपे यांच्याविरुद्ध लढले. त्या स्वारांस दोष देणे सोपे आहे. परंतु शिपाई ज्याचा हुकूम ऐकतो त्याचा असतो, आणि तो हुकूम हैदराबादच्या राजवाड्यातून निघत नव्हता.

नकाशावरील रेघ

१८६० मध्ये इंग्रजांनी धाराशिव व रायचूर परत केले आणि ५० लाखांचे कर्ज माफ केले, वऱ्हाड ठेवले. सालारजंगांनी ते परत मिळविण्यासाठी हयात खर्चिली. १८७६ मध्ये ते विलायतेसही जाऊन आले. यश आले नाही. नोव्हेंबर १९०२ मध्ये कर्झन याने दरसाल २५ लाख रुपयांच्या मोबदल्यात वऱ्हाडचा कायमचा पट्टा घेतला. १९०३ मध्ये वऱ्हाड मध्यप्रांतास जोडले गेले आणि त्याच साली कंटिन्जंट हिंदी सैन्यात विलीन झाले. जिच्या पगारासाठी मुलूख घेतला ती फौज संपली. मुलूख परत आला नाही.

या व्यवहाराचा अर्थ आपल्या घराशी पडताळून पाहावा. अकोला, अमरावती, बुलढाणा ही एका बाजूस आणि औरंगाबाद, परभणी, नांदेड, धाराशिव ही दुसऱ्या बाजूस, अशी जी रेघ पडली ती डोंगर-नदीने पाडलेली नाही. ती थकलेल्या पगाराने पाडली. त्या रेघेच्या उत्तरेस १८६७ पर्यंत नागपूरची आगगाडी पोचली. दक्षिणेस गोदावरीच्या खोऱ्यात ती येण्यास १९०० साल उजाडले. धाराशिव सात वर्षांत परत गेले, म्हणून ते मराठवाड्यात राहिले आणि त्याने १९४८ पर्यंत निजामी अंमल पाहिला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भ व मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात एकत्र आले, तेव्हा १०३ वर्षांपूर्वीची ती रेघ पुसण्यास प्रारंभ झाला. ती अजून पुरती पुसली गेली आहे, असे दोन्हीकडचा शेतकरी म्हणणार नाही.

पलटणींचे पुढे काय झाले? १४ जुलै १९१६ रोजी फ्रान्समध्ये सोमच्या रणात हाय वुड नावाच्या रानाजवळ ‘२० वे डेक्कन हॉर्स’ भाले रोखून यंत्रतोफांच्या युगात दौडले. त्याच रिसाल्याचे वारस १९६५ मध्ये असल उत्तर येथे रणगाड्यांतून लढले. पायदळाची १९२२ मध्ये १९ वी हैदराबाद रेजिमेंट झाली आणि १९४५ मध्ये तिलाच कुमाऊँ रेजिमेंट हे नाव मिळाले. १९४७ मध्ये बडगामला पडलेले मेजर सोमनाथ शर्मा आणि १९६२ मध्ये रेझांग ला येथे पडलेले मेजर शैतान सिंह हे दोघे परमवीर याच रेजिमेंटचे. तिच्या बिल्ल्यावरील सिंह हेन्री रसेलच्या घराण्याच्या चिन्हावरून घेतलेला आहे. परंतु आज त्या बिल्ल्यामागे हुकूम करणारा आणि पगार देणारा एकच आहे, आणि तो म्हणजे या देशाची जनता.

निजामाची फौज आणि स्वतंत्र देशाची फौज यांतील सारे अंतर या एका गोष्टीत आहे. शौर्य तेव्हाही होते, शिस्तही होती. महिदपूरचा शिपाई रेझांग लाच्या शिपायाहून कमी काटक नव्हता. उणीव होती ती धन्याच्या जागी. ज्याने पैसा द्यावा त्याला हुकूम नाही आणि ज्याने हुकूम करावा त्याला खर्चाची फिकीर नाही, अशी फौज ज्या राज्यात उभी राहते, तेथे शत्रू वेशीबाहेर शोधण्याची गरज उरत नाही. बेगम बाजारच्या सावकारांना हे बहुधा राजवाड्याआधी उमगले असावे, कारण थैली आवळण्याची वेळ त्यांनी बरोबर ओळखली. वऱ्हाडच्या रयतेजवळ मात्र आवळण्यास थैलीच नव्हती. म्हणून साऱ्या व्यवहाराची बाकी शेवटी तिच्या जमिनीवर लिहिली गेली.